तुरुंगातून सत्तेवर आलेले नेते विरोधकांना तुरुंगात का धाडतात?

प्रश्न थोडक्यात असा आहे: स्वातंत्र्यासाठी ज्यांनी स्वतः तुरुंगवास भोगला, तेच नेते सत्तेवर आल्यावर विरोधकांना डांबू लागले, हे कसं झालं? आणि आशिया-आफ्रिकेतल्या ज्या थोड्या नवस्वतंत्र देशांत लोकशाही टिकली, ती चांगल्या नेत्यांमुळे की संस्थांमुळे?

माझी नोकरी निवडणुकीच्या कामात गेली आणि नंतर बाहेरच्या देशांतल्या निवडणूक अधिकाऱ्यांना शिकवायचं काम आलं. त्यामुळे माझं उत्तर विचारसरणींपेक्षा कायद्याच्या कलमांकडे, तिजोरीकडे आणि मतमोजणीच्या कागदांकडे झुकलेलं असेल, हे आधीच सांगून ठेवतो.

सत्ता माणसाला बिघडवते हे उत्तर चुकीचं नाही, पण त्यातून काहीच कळत नाही. एकाच स्वभावाची माणसं एका देशात पायउतार झाली आणि दुसऱ्या देशात मरेपर्यंत चिकटून राहिली. मला विचाराल तर नेता कसा आहे हे नंतर बघा. आधी दोन गोष्टी बघा: त्याला जी खुर्ची मिळाली ती कोणासाठी बनवलेली होती, आणि त्या खुर्चीवरून उठणं त्याला परवडणार होतं का. खुर्ची गव्हर्नरसाठी बनवलेली होती. गव्हर्नरला जनतेला उत्तर द्यायचं नव्हतं आणि निवडणूकही हरायची नव्हती. स्वातंत्र्याच्या रात्री झेंडा बदलला, पण त्या खुर्चीचे अधिकार बहुतेक ठिकाणी जसेच्या तसे राहिले.

घानाचं उदाहरण जरा तपशिलात घेतो, कारण तुमच्या प्रश्नातली सगळी पात्रं त्यात आहेत.

१९४८ साली ब्रिटिशांनी गोल्ड कोस्टमधल्या, म्हणजे आजच्या घानातल्या, सहा पुढाऱ्यांना अटक केली. त्यात क्वामे एन्क्रुमा होते आणि जे. बी. डांक्वा हे नामांकित वकीलही होते. एन्क्रुमांना परदेशातून बोलावून घेणाऱ्या पक्षाचे डांक्वा हे एक संस्थापक. पुढे वाटा वेगळ्या झाल्या. एन्क्रुमांनी स्वतःचा पक्ष काढला, पुन्हा तुरुंगात गेले, १९५१ ची निवडणूक तुरुंगातूनच जिंकली आणि ६ मार्च १९५७ रोजी स्वतंत्र घानाचे पंतप्रधान झाले. पुढच्याच वर्षी, १९५८ मध्ये, त्यांच्या सरकारने प्रतिबंधक स्थानबद्धता कायदा केला: खटला न चालवता पाच वर्षांपर्यंत कोणालाही अडकवून ठेवण्याची सोय.

या कायद्याखाली आत गेलेल्यांमध्ये बाफुर ओसेई अकोटो हे अशांती प्रांतातले पुढारी होते. त्यांच्या वतीने सर्वोच्च न्यायालयात उभे राहिले डांक्वा. युक्तिवाद सरळ होता: आता राष्ट्राध्यक्ष झालेल्या एन्क्रुमांनी पदग्रहणाच्या वेळी नागरिकांच्या स्वातंत्र्याची जी जाहीर ग्वाही दिली आहे, तिच्याशी हा कायदा विसंगत आहे. १९६१ मध्ये सरन्यायाधीश सर आर्कू कोर्सा यांच्या न्यायालयाने तो फेटाळला. न्यायालयाच्या मते ती ग्वाही इंग्लंडच्या राणीच्या राज्याभिषेकाच्या शपथेसारखी होती. तिचं बंधन नैतिक, कायद्याने अंमलात आणण्यासारखं नाही. निकालानंतर काही आठवड्यांतच डांक्वा स्वतः स्थानबद्ध झाले. सुटले, १९६४ मध्ये पुन्हा पकडले गेले आणि फेब्रुवारी १९६५ मध्ये न्सावामच्या तुरुंगात मरण पावले. कोर्सांचं काय झालं? १९६३ च्या डिसेंबरात त्यांच्या न्यायपीठाने राजद्रोहाच्या खटल्यात एन्क्रुमांच्याच काही माजी सहकाऱ्यांना निर्दोष सोडलं आणि लगेच त्यांना सरन्यायाधीशपदावरून काढण्यात आलं. दोन वर्षांपूर्वी सरकारला मोकळं रान देणाऱ्या न्यायाधीशाला त्या रानात स्वतःसाठी आडोसा उरला नव्हता. १९६४ मध्ये सार्वमत घेऊन घाना एकपक्षीय झाला. होकाराचा अधिकृत आकडा ९९.९१ टक्के. निवडणुकीच्या कामातला कुठलाही कारकून सांगेल, खऱ्या मोजणीत असा आकडा येत नाही.

एन्क्रुमांच्या बाजूनेही बोललं पाहिजे. १९६२ मध्ये कुलुंगुगू इथे त्यांच्यावर बॉम्बहल्ला झाला होता, अशांती प्रांत फुटून निघण्याची धास्ती होती, आणि लष्कराकडून धोका होता तो खोटा नव्हता. फेब्रुवारी १९६६ मध्ये ते व्हिएतनामसाठीच्या शांतता-मोहिमेवर परदेशी असताना लष्कराने सत्ता घेतलीच. ते परत कधी मायदेशी आले नाहीत, १९७२ मध्ये परदेशातच वारले. म्हणजे पायउतार होण्याची किंमत किती मोठी असते याचा त्यांचा अंदाज बरोबर होता. फक्त ती किंमत वाढवण्यात त्यांचा स्वतःचाही हात होता, कारण विरोधी पक्षाला निवडणुकीतून येण्याचा रस्ताच ठेवला नाही, तर विरोध बराकीतून येतो.

आता अशांतीकडे वळू, कारण खरी मेख तिथे आहे. अशांती हा कोकोचा प्रदेश. १९४७ पासून कोको विपणन मंडळ ही एकच सरकारी संस्था शेतकऱ्याकडून कोको घ्यायची, ठरलेल्या भावाने. जगाच्या बाजारात भाव चढला की वरचा पैसा मंडळाकडे आणि कराच्या रूपाने सरकारकडे. ही व्यवस्था ब्रिटिशांची. हेतू असा सांगितला जायचा की भाव पडला तर शेतकऱ्याला सांभाळून घेता येईल. १९५४ मध्ये एन्क्रुमांच्या सरकारने ६० पौंडांच्या बोजाला ७२ शिलिंग हा भाव चार वर्षांसाठी गोठवला. त्या वेळी जागतिक भाव त्याच्या कितीतरी वर होता. महिन्याभरात अशांतीतल्या कुमासी शहरात नवी चळवळ उभी राहिली, आणि तिचे अध्यक्ष होते हेच बाफुर अकोटो.

पाठ्यपुस्तकांत या संघर्षाला 'प्रादेशिक अस्मिता' म्हणतात. अस्मिता होतीच, पण भांडण तिजोरीच्या किल्लीचं होतं. देशातल्या सगळ्यात मोठ्या पिकाचा पैसा एकाच कचेरीतून जातो आणि ती कचेरी सत्ताधारी पक्षाच्या हातात असते, तेव्हा निवडणूक हरणं म्हणजे फक्त पद जाणं नसतं. कर्ज, परवाना, कंत्राट, मुलाची शिष्यवृत्ती, भाच्याची नोकरी, सगळं एका दिवसात जातं. मग हरण्याची तयारी कोण ठेवेल? वसाहतींतल्या बहुतेक अर्थव्यवस्था अशाच एका-दोन मालांवर उभ्या होत्या. कुठे तांबं, कुठे शेंगदाणा, कुठे तेल. किल्ली एकच असल्यामुळे तिच्यासाठीचं भांडणही जीवघेणं व्हायचं.

कायद्यांच्या वारशाची आणखी दोन उदाहरणं देतो, कारण ती पाहिल्याशिवाय हा वारसा किती चिवट आहे ते लक्षात येत नाही. उत्तर ऱ्होडेशियात, म्हणजे आजच्या झांबियात, लुंपा पंथाच्या उठावामुळे १९६४ मध्ये, स्वातंत्र्याला काही महिने उरले असताना आणीबाणी लागली. ती उठली १९९१ मध्ये. केनेथ कौंडांची सबंध कारकीर्द गव्हर्नरच्या काळातल्या आणीबाणीखाली गेली. शेजारच्या झिंबाब्वेत इयान स्मिथच्या गोऱ्या राजवटीने १९६५ मध्ये लावलेली आणीबाणी रॉबर्ट मुगाब्यांनी १९९० पर्यंत चालू ठेवली. ज्या कायद्याखाली मुगाबे स्वतः वर्षानुवर्षं आत होते, तोच त्यांना सत्तेवर आल्यावर उपयोगाचा वाटला. याला मी ढोंग म्हणणार नाही. बाहेर असताना जो कायदा जुलमी दिसतो, तोच आत बसल्यावर 'परिस्थिती नाजूक आहे' या वाक्याखाली सहज मावतो.

आपण भारतीयांनी इथे नाक वर करण्याचं कारण नाही. प्रतिबंधक स्थानबद्धतेला आपल्या मूळ राज्यघटनेतच, अनुच्छेद २२ मध्ये, जागा आहे आणि पहिला कायदा १९५० चा, म्हणजे घानाच्या आठ वर्षं आधीचा. राज्य सरकार बरखास्त करण्याचा अनुच्छेद ३५६ हा ब्रिटिशांच्या १९३५ च्या भारत सरकार कायद्यातल्या कलम ९३ चा वारस. तो शंभराहून अधिक वेळा वापरला गेला. त्याला खरा लगाम बसला तो सर्वोच्च न्यायालयाच्या १९९४ च्या बोम्मई निकालाने. पाकिस्तानने त्याच १९३५ च्या कायद्यात कलम ९२-अ घालून प्रांतिक सरकारं उडवली, १९५४ मध्ये पूर्व बंगालचं नुकतंच निवडून आलेलं सरकारसुद्धा. वारसा एकच, यंत्रणा एकच, तिकडच्या आणि इकडच्या सनदी अधिकाऱ्यांचं प्रशिक्षणही एकच. मग फरक कुठे पडला?

काँग्रेसकडे जिल्ह्याजिल्ह्यांत माणसं होती, १९३७ च्या प्रांतिक मंत्रिमंडळांचा अनुभव होता, आणि मुख्य म्हणजे पक्षात एकमेकांचे पाय ओढणारे पुष्कळ तालेवार पुढारी होते. हे शेवटचं मी कौतुकाने म्हणतोय. मुस्लिम लीगचं बळ बऱ्याच अंशी भारतात राहिलेल्या प्रांतांत होतं. नव्या देशात पक्ष दुबळा आणि नोकरशाही-लष्कर भक्कम अशी विषम जोडी झाली. ऑक्टोबर १९५४ मध्ये गव्हर्नर-जनरल गुलाम मुहम्मद यांनी संविधान सभाच बरखास्त केली. सभेचे अध्यक्ष मौलवी तमीझुद्दीन खान सिंधच्या न्यायालयात गेले आणि जिंकले. पण १९५५ मध्ये फेडरल कोर्टात सरन्यायाधीश मुनीर यांनी तांत्रिक मुद्द्यावर तो निकाल फिरवला. मुद्दा असा की न्यायालयाला हा आदेश देण्याचा अधिकार ज्या कायद्याने मिळाला, त्याला गव्हर्नर-जनरलची संमतीच नव्हती. न्यायमूर्ती कॉर्नेलियस यांनी विरोधी मत दिलं. पाकिस्तानात पहिली सार्वत्रिक निवडणूक १९७० मध्ये झाली. एका निवडून आलेल्या सरकारने मुदत पूर्ण करून दुसऱ्या निवडून आलेल्या सरकारकडे सूत्रं द्यायला २०१३ उजाडलं.

तर मग चांगला नेता की संस्था? माझं मत: पहिल्या दहा-पंधरा वर्षांत नेत्याचं वागणं फार मोलाचं असतं, कारण तेव्हा संस्था नावाची वस्तू कागदावर असते आणि तो वागेल तो पायंडा पडतो. १९५८ मध्ये घानाच्या राजधानीत, अक्रात, स्थानबद्धतेचा कायदा येत होता, त्याच वर्षी दिल्लीत मुंदडा प्रकरण गाजत होतं. आयुर्विमा महामंडळाच्या पैशांतून एका उद्योगपतीच्या कंपन्यांचे समभाग घेतल्याचा विषय सत्ताधारी पक्षाच्याच फिरोझ गांधींनी लोकसभेत लावून धरला. छागला आयोगाने उघड सुनावणी घेतली आणि अर्थमंत्री टी. टी. कृष्णम्माचारींना जावं लागलं. पंतप्रधानांना हे आवडलं होतं असं नाही, पण त्यांनी ते होऊ दिलं. याच नेहरूंच्या सरकारने दुसऱ्या वर्षी, ३१ जुलै १९५९ रोजी, केरळमधलं नंबुद्रीपाद सरकार बरखास्त केलं. तेव्हा एकाच माणसाने एकाच काळात चांगला आणि वाईट असे दोन्ही पायंडे पाडले, आणि पुढच्यांनी सोयीप्रमाणे दोन्ही उचलले.

बोट्स्वानाचं नाव अशा चर्चेत नेहमी आदर्श म्हणून येतं. पहिले राष्ट्राध्यक्ष सेरेत्से खामांचं श्रेय मोठं आहेच. १९६६ मध्ये देश स्वतंत्र झाला, १९६७ मध्ये ओरापा इथे हिरे सापडले. ती जमीन खामांच्याच बमांग्वाटो टोळीची. खनिजांवरचा हक्क टोळ्यांकडून काढून राष्ट्राकडे देणारा कायदा त्याच वर्षी झाला. स्वतःच्या लोकांच्या पायाखालची दौलत सगळ्या देशाच्या खाती जमा करणं हे सोपं काम नव्हे. देशाला १९७७ पर्यंत स्वतःचं सैन्यच नव्हतं, हेही पथ्यावर पडलं. पण त्या देशात एकच पक्ष ५८ वर्षं सत्तेवर होता, आणि मध्य कालाहारीतल्या बसारवा आदिवासींना त्यांच्या भूमीतून हलवल्याबद्दल २००६ मध्ये उच्च न्यायालयाने सरकारला चुकीचं ठरवलं. खरी कसोटी लागली ती ऑक्टोबर २०२४ मध्ये. सत्ताधारी पक्ष साफ हरला आणि राष्ट्राध्यक्ष मसीसींनी निकाल पुरता लागण्याआधीच पराभव मान्य केला.

आता माझ्या कामाचा भाग. तुम्ही 'संस्था' म्हणता तेव्हा डोळ्यांसमोर मोठ्या इमारती येतात. माझ्या डोळ्यांसमोर येतो मतदान केंद्रावरचा निकालपत्रकाचा कागद. मोजणी केंद्रावरच होते का? त्या पत्रकावर सगळ्या पक्षांच्या प्रतिनिधींच्या सह्या होतात का? प्रत्येकाला प्रत मिळते का? एक प्रत दारावर चिकटवतात का? एवढं झालं की राजधानीत बसून आकडे फिरवणं महाकठीण होतं, कारण तोच आकडा हजारो लोकांच्या खिशात असतो.

घानाचा दुसरा अध्याय या कागदावर लिहिला गेला. १९९२ नंतर पक्ष पुन्हा आले, निवडणूक आयोगाने सर्व पक्षांची सल्लागार समिती नेमली, पारदर्शक पेट्या आणल्या. २००८ ची दुसरी फेरी सुमारे ४० हजार मतांनी ठरली आणि सत्ताधारी पक्षाने हार मानली. २०१२ मध्ये पराभूत उमेदवार नाना अकुफो-अड्डो सर्वोच्च न्यायालयात गेले. २६,००२ मतदान केंद्रं होती, आणि त्यांतल्या हजारो केंद्रांच्या गुलाबी पत्रकांवर वाद होता: सही आहे का, अनुक्रमांक दोनदा आलाय का. सुनावणी महिनोन्‌महिने दूरचित्रवाणीवर थेट दाखवली गेली. बघायला कंटाळवाणी, पण याहून चांगलं लोकशिक्षण मी पाहिलेलं नाही. ऑगस्ट २०१३ मध्ये निकाल विरोधात गेला, अकुफो-अड्डोंनी तो मानला आणि २०१६ मध्ये निवडणूक जिंकून ते अध्यक्ष झाले. त्यांनी ज्यांना हरवलं ते महामा २०२४ मध्ये परत आले. डांक्वांच्या तुरुंगातल्या मृत्यूपासून इथवर यायला घानाला चार लष्करी उठाव आणि जवळपास अर्धं शतक लागलं.

मलावीत कागदाने उलट बाजूने काम केलं. मे २०१९ मधल्या निवडणुकीला परदेशी निरीक्षकांनी बऱ्यापैकी चांगले गुण दिले. नंतर लक्षात आलं की कित्येक निकालपत्रकांवर पांढरी शाई लावून आकडे खोडले आहेत. लोकांनी तिला नावच दिलं, 'टिपेक्स निवडणूक'. लोक महिनोन्‌महिने रस्त्यावर होते. ३ फेब्रुवारी २०२० रोजी पाच न्यायाधीश अंगात बुलेटप्रूफ जाकीट घालून, लष्कराच्या पहाऱ्यात न्यायालयात आले आणि त्यांनी अध्यक्षपदाची निवडणूक रद्द केली. बहुमत म्हणजे निम्म्याहून अधिक मतं, असंही ठरवून दिलं. सरकारने मग सरन्यायाधीशांना निवृत्तीपूर्वीच्या रजेवर धाडायचा घाट घातला, तो वकिलांनी आणि न्यायालयाने हाणून पाडला. जून २०२० मध्ये फेरनिवडणूक झाली, लाझरस चक्वेरा ५८ टक्क्यांहून अधिक मतं घेऊन जिंकले. करोनामुळे या वेळी परदेशी निरीक्षक जवळपास नव्हतेच. आमच्या जमातीने यावरून काय घ्यायचं ते घ्यावं. हरलेले तेव्हाचे अध्यक्ष मुथारिका २०२५ मध्ये पुन्हा निवडून आले, याचंही मला वाईट वाटत नाही. हरलेला माणूस परत येऊ शकतो हे दिसलं, की पुढचा हरणारा जरा शांतपणे हरतो.

अर्थात कागदाला मर्यादा आहे. भारताच्या पहिल्या निवडणुकीत मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांनी सुमारे १७ कोटी ३० लाख मतदारांची यादी केली. बहुतेकांना अक्षरओळख नव्हती, म्हणून प्रत्येक उमेदवाराची चिन्ह लावलेली वेगळी पेटी ठेवली. 'अमक्याची बायको' एवढंच सांगणाऱ्या सुमारे २८ लाख स्त्रियांची नावं वगळावी लागली. ते वगळण्यावर टीका झाली, पण पुढच्या वेळी बायका स्वतःचं नाव सांगू लागल्या. याच सेन यांना १९५३ मध्ये सुदानची पहिली निवडणूक घ्यायला बोलावलं होतं. ती नीट पार पडली, १९५६ मध्ये सुदान स्वतंत्र झाला, आणि नोव्हेंबर १९५८ मध्ये लष्कराने संसद गुंडाळली. मतमोजणी शिकवता येते, पण बंदूकवाल्यांना घरी बसवणं निवडणूक अधिकाऱ्याच्या हातात नसतं.

म्हणून मी फिरून फिरून त्याच मुद्द्यावर येतो: हरणाऱ्याचं दुसऱ्या दिवशी काय होतं? मॉरिशसमध्ये शिवसागर रामगुलाम यांच्या सरकारने सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला आणीबाणी लावली, निवडणूक १९७६ पर्यंत ढकलली, विरोधी पक्षाचे पॉल बेराँझे यांना तुरुंगात ठेवलं. सगळी लक्षणं वाईट होती. १९८२ मध्ये त्यांचा पक्ष मुख्य बेटावरच्या ६० पैकी ६० जागा हरला, खुद्द त्यांची जागाही गेली. त्यांनी सत्ता सोडली. पुढच्याच वर्षी, ज्यांनी त्यांना हरवलं ते अनिरुद्ध जगन्नाथ पंतप्रधान असताना, ते देशाचे गव्हर्नर-जनरल झाले. शिवाय तिथल्या 'सर्वोत्तम पराभूत' या तरतुदीमुळे ६०-० झाल्यावरही विरोधकांचे काही सदस्य सभागृहात बसले. धूर्तपणा म्हणा किंवा शहाणपण, पण हरलेल्याला दारात उभं राहायला जागा ठेवलेली होती. भारतात १९७७ मध्ये इंदिरा गांधी हरल्या. आणीबाणीच्या चौकशीसाठी शहा आयोग बसला, डिसेंबर १९७८ मध्ये लोकसभेने त्यांना काही दिवस तिहारमध्येही पाठवलं, आणि १९८० मध्ये मतदारांनी परत आणलं. त्याच मधल्या काळात ४४ वी घटनादुरुस्ती झाली. 'अंतर्गत अशांतता' हे आणीबाणीचं कारण गेलं आणि 'सशस्त्र बंड' आलं. सूड आणि दुरुस्ती एकाच संसदेतून निघाली, पण टिकली ती दुरुस्ती.

मो इब्राहिम या सुदानी वंशाच्या उद्योजकाने तर पायउतार होण्यासाठी बक्षीसच लावलं. मुदत संपल्यावर नीट जाणाऱ्या आफ्रिकी राष्ट्रप्रमुखाला दहा वर्षांत मिळून ५० लाख डॉलर आणि नंतर तहहयात दरवर्षी २ लाख. २००७ मध्ये पहिलं बक्षीस मोझांबिकच्या शिसानोंना मिळालं, पुढच्या वर्षी बोट्स्वानाच्या मोगाइंना. त्यानंतर बहुतेक वर्षं लायक माणूसच सापडला नाही. ज्याच्या हाती देशाची तिजोरी आहे, त्याला ५० लाखांचं आमिष किती वाटणार?

मध्येच कोणीतरी सिंगापूर काढतंच, म्हणून तेही उरकतो. ली क्वान यू यांनी विरोधक दाबले आणि देश श्रीमंत केला, दोन्ही खरं. पण तोच मार्ग झाईरच्या मोबुटूंनी, गिनीच्या सेकू तुरेंनी, मलावीच्या बांडांनी धरला तेव्हा काय झालं तेही मोजा. खंबीर नेता आणून विकास करू असं म्हणताना कोणता खंबीर नेता हाती लागेल, हे आधी ठरवता येत नाही. हाती लागल्यावर बदलताही येत नाही.

शेवटी झांबिया, कारण तुमच्या प्रश्नाची साखळी तिथे एकसंध दिसते. कौंडांना वसाहतीच्या सरकारने तुरुंगात टाकलं. अध्यक्ष झाल्यावर कौंडांनी १९७२ मध्ये जुने सहकारी सायमन कापवेप्वे यांना स्थानबद्ध केलं, देश एकपक्षीय केला आणि १९८१ मध्ये कामगार पुढारी फ्रेडरिक चिलुबांना डांबलं. १९९१ मध्ये दबावाखाली त्यांनी बहुपक्षीय निवडणूक घेतली आणि चिलुबांकडून हरले. १५० पैकी २५ जागा मिळाल्या. निमूटपणे सत्ता सोडली, जगभर कौतुक झालं. चिलुबांनी १९९६ मध्ये घटना बदलली: अध्यक्षपदाच्या उमेदवाराचे आईवडील दोघंही झांबियाचेच हवेत. कौंडांचे आईवडील न्यासालँडचे, आजच्या मलावीचे. ज्या माणसाने २७ वर्षं देश चालवला तो उमेदवारीला अपात्र ठरला. १९९७ च्या नाताळात त्यांना अटकही झाली. चिलुबांनी २००१ मध्ये तिसऱ्या मुदतीचा प्रयत्न केला, त्यांच्याच मंत्र्यांनी आणि खासदारांनी तो मोडला. त्यांनी निवडलेल्या वारसाच्या काळात त्यांचं कायदेशीर संरक्षण काढलं गेलं आणि भ्रष्टाचाराचा खटला चालला. २००९ मध्ये ते सुटले. भ्रष्ट माणसाला जाब विचारायलाच हवा, आणि तरी प्रत्येक असा खटला पुढच्या अध्यक्षाला खुर्ची घट्ट धरायला शिकवतो. या पेचावर मला कुठेही समाधानकारक तोडगा दिसलेला नाही. खटला चालवणारा सरकारी वकील सरकारच्या मुठीत नसला तर पेच थोडा सैल होतो, इतकंच.

२०१७ मध्ये अध्यक्ष लुंगू यांच्या ताफ्याला वाट दिली नाही म्हणून विरोधी नेते हाकाइंदे हिचिलेमा यांच्यावर राजद्रोहाचा आरोप ठेवला गेला आणि ते सुमारे चार महिने आत होते. २०२१ मध्ये, सहाव्या प्रयत्नात, ते जवळपास १० लाख मतांनी निवडून आले. लुंगूंनी सत्ता सोडली. डिसेंबर २०२२ मध्ये हिचिलेमांनी राष्ट्राध्यक्षाची बदनामी हा फौजदारी गुन्हा ठरवणारं वसाहतकालीन कलम रद्द केलं, फाशीची शिक्षाही काढली. तुरुंगातून आलेल्याने तुरुंगाची एक किल्ली फेकून दिली, असं हे दुर्मीळ उदाहरण. पण दंडसंहितेतलं राजद्रोही कृत्यांचं कलम राहिलं आणि ते विरोधकांवर वापरलंही गेलं. २०२५ मध्ये सायबर सुरक्षा आणि सायबर गुन्ह्यांचे दोन नवे कायदे आले, ज्यांच्यावर पत्रकारांनी आणि वकिलांनी जोरदार आक्षेप घेतले. तेव्हा यापुढे अशा कुठल्याही नेत्याचा अंदाज घ्यायचा असेल, तर त्याच्या तुरुंगवासाची वर्षं मोजू नका. सत्तेवर आल्यावर पहिल्या दोन वर्षांत त्याने आपल्या हातातले कोणते अधिकार कायद्याने कमी करून घेतले आणि कोणते 'सध्या असू देत' म्हणून ठेवले, ते शोधा.